कंदील कुणासमोर धरावा?

चेकॉव्हच्या ‘चेरीची बाग’ या नाटकाच्या दूरचित्रवाणीवरील रूपांतराविषयी बोलण्यास मला जी थोडी मिनिटे मिळाली आहेत, ती सगळी एकाच गोष्टीसाठी खर्च करावीत असे ठरवून मी येथे आलो आहे. ती गोष्ट ही, की या नाटकात जो बोलत नाही त्याच्याकडे आधी पाहावे लागते.

तिसरा अंक आठवा. लिलावाहून परतलेला व्यापारी लोपाखिन बाग आपण घेतल्याचे सांगतो. घराचा कारभार पाहणारी वार्या कमरेच्या किल्ल्या काढून भुईवर टाकते आणि निघून जाते. ज्या घराच्या स्वयंपाकघरात पाऊल टाकण्याची आपल्या बापआज्यांना मुभा नव्हती, ती मालमत्ता आपल्या नावे झाल्याच्या उन्मादात लोपाखिन बोलतच राहतो, आणि टेबलाखुर्चीचा आधार नसता तर जी कोसळलीच असती ती बागेची आजवरची मालकीण रानेव्हस्काया निःशब्दपणे ते ऐकत असते. रंगभूमीवर दोघेही एकदम दृष्टीस पडतात. कॅमेरा मात्र बोलणाऱ्याच्या तोंडाकडे धावतो.

रात्री माजघरात हाती कंदील घेऊन वावरावे, तसे हे आहे. ज्याच्यापुढे कंदील धरावा त्याचा चेहरा उजळतो, आणि कोपऱ्यात गुडघ्यांत मान घालून बसलेली आत्या अंधारातच राहते. जाणती गृहिणी म्हणूनच कंदील कोनाड्यात ठेवते; उजेड मंदावतो खरा, पण घर सगळे दिसते. आणि हाती घ्यायचाच झाला, तर तो आत्याकडे न्यावा. पुन्हा सांगतो, आत्याकडे!

१९६२ साली बीबीसीवरील प्रयोगात जूडी डेंच रानेव्हस्कायाच्या मुलीच्या, म्हणजे आन्याच्या, भूमिकेत होत्या. १९८१ साली रिचर्ड आयर यांच्या दिग्दर्शनाखाली त्याच रानेव्हस्काया झाल्या. न बोलण्याच्या या दोन जागा एकाच अभिनेत्रीच्या वाट्याला आल्या, याचे मला फार अप्रूप वाटते. कारण आन्याचीही अशी एक जागा आहे. दुसऱ्या अंकात दूरवर तार तुटल्यासारखा आवाज होतो. खाणीतली बादली सुटली असेल, असे लोपाखिन म्हणतो. आन्याचा मामा गायेव याला तो बगळा वाटतो, विद्यार्थी त्रोफिमोवला घुबड. वेळ संपत आली, म्हणून घाईने सांगतो: हे तर्क चालू असता आन्या गप्प असते, आणि थोड्या वेळाने आईला तिच्या डोळ्यांत पाणी दिसते. काय झाले म्हणून आई विचारते, तेव्हा ती काही नाही म्हणते. ते पाणी केव्हा आले, हे पाहायला कंदील तिच्यापाशी हवा होता.