अडवलेला माल आणि लेखी आदेश



तुकोबांचे अभंग लिहून ठेवणाऱ्या संताजी महाराज जगनाडे यांची समाधी या सुदुंबरे गावात आहे. मला आज लेखी आदेशाबद्दल बोलायचं आहे आणि त्यासाठी याहून योग्य गाव मला ठाऊक नाही.

जवळच्या तळेगाव-चाकण रस्त्यावरून रात्रंदिवस पत्रा, सुटे भाग, कच्चा माल जातो. आपल्यापैकी प्रत्येकाला रात्री-अपरात्री फोन आलेला आहे : "साहेब, गाडी अडवली." बिल आहे, बिल्टी आहे, ई-वे बिलही आहे, फक्त गाडीच्या नंबरात एक आकडा चुकलाय. अशा चुकीसाठी जीएसटी कायद्याचं कलम १२९ लावू नका, केंद्र आणि राज्याचा मिळून हजार रुपये दंड घ्या, असं १४ सप्टेंबर २०१८ चं परिपत्रक सांगतं. पण चालकाच्या हातात परिपत्रक नसतं, आणि असलं तरी पथकाशी वाद घालण्याचं बळ त्याच्यात कुठून येणार?

हिशेब मांडून पाहा. माल १० लाखांचा, कर १८ टक्के, म्हणजे १ लाख ८० हजार. १ जानेवारी २०२२ पासूनच्या तरतुदीनुसार मालक पुढे आला तर दंड कराच्या दुप्पट, म्हणजे ३ लाख ६० हजार. अपिलात जायचं तर सप्टेंबर २०२५ पर्यंत त्याचे २५ टक्के, ९० हजार, आधी भरावे लागत. तिकडे गिऱ्हाईकाची लाइन बंद पडायला आलेली, इकडे गाडीची खोटी रोज वाढतेय. लहान कारखानदार पैसे भरतो आणि गाडी सोडवतो. इथेच तो कायमचा अडकतो. पैसे भरले, प्रकरण मिटलं, असं सांगून त्याला वाटेला लावतात. अंतिम आदेश, म्हणजे एमओव्ही-०९, निघतच नाही. आदेशच नाही, तर अपील कशावर करायचं?

सर्वोच्च न्यायालयाने २४ जुलै २०२५ रोजी एएसपी ट्रेडर्सच्या प्रकरणात याचं उत्तर दिलं. कर्नाटकातून दिल्लीला निघालेली सुपारी उत्तर प्रदेशात अडवली होती. व्यापाऱ्याने पैसे भरून माल सोडवला, तरी कारणांसह आदेश काढणं अधिकाऱ्याला बंधनकारक आहे, असं न्यायालय म्हणालं. माझ्या मते गेल्या काही वर्षांतला आपल्या कामाचा सर्वांत मोलाचा निकाल हाच.

हैदराबादचं सत्यम शिवम पेपर्सचं प्रकरणही विसरू नका. जानेवारी २०२० मध्ये आंदोलनामुळे रस्ता अडला, कागदाची गाडी वेळेत पोहोचली नाही आणि ई-वे बिलाची मुदत संपली. तेवढ्यावरून माल अडवला, ६९ हजार वसूल केले. उच्च न्यायालयाने रक्कम परत करायला लावून १० हजार खर्च बसवला. खातं सर्वोच्च न्यायालयात गेलं, तेव्हा १२ जानेवारी २०२२ रोजी आणखी ५९ हजारांची भर पडली.

बोगस बिलांवर माल फिरवणारे आहेत, त्यांच्यामुळे प्रामाणिक व्यापारी मार खातो, आणि त्यांच्यासाठी मी एक शब्दही बोलणार नाही. शिवाय प्रत्येक प्रकरणात रिट चालत नाही. कायद्यात सुटकेची वाट असताना ती टाळून थेट उच्च न्यायालयातून माल सोडवून घेऊ नये, हे २०१९ मध्ये के पॅन फ्रॅग्रन्सच्या प्रकरणात सांगितलेलं आहे. म्हणून अशिलाला पहिल्याच रात्री तीन गोष्टी सांगा : पैसे भरताना हरकत लेखी नोंदवा, नोटिशीला उत्तर द्या, एमओव्ही-०९ ची प्रत हातात पडेपर्यंत पाठपुरावा सोडू नका. आदेश मिळाला की अपिलाची तीन महिन्यांची मुदत सुरू होते. ती चुकवू नका.

आणि या परिषदेने एक ठराव करावा, अशी माझी विनंती आहे. एमओव्ही-०१ हा चालकाचा जबाब असतो. पुढचं सगळं प्रकरण त्यावर उभं राहतं. रात्री दोन वाजता, झोपेने डोळे मिटत असताना, चालक न वाचता त्यावर सही करतो. महाराष्ट्रात तो जबाब चालकाला वाचता येईल अशा भाषेत लिहून घ्यावा, त्याला वाचून दाखवावा आणि त्याची प्रत तिथल्या तिथे त्याच्या हातात द्यावी. मसुदा मी सोबत आणला आहे. दुपारच्या सत्रात तो चर्चेला घ्यावा.