खिम्यावर बटाट्याचें पांघरूण

(धर्मग्रामाच्या ज्युबिलीनिमित्त भगिनीमंडळापुढें झालेलें भाषण)



ज्युबिलीच्या या वर्षांत निरनिराळ्या विषयांवर भाषणें व्हावींत अशी आपल्या मंडळाची योजना आहे. इतर वक्त्यांच्या वांट्याला इतिहास, शिक्षण, आरोग्य असे भारदस्त विषय आले. माझ्या वांट्याला स्वयंपाकघर आलें. धर्मगुरूनें चुलीविषयीं बोलावें हें कित्येकांना चमत्कारिक वाटेल. परंतु ज्याच्या घरीं गृहिणी नाहीं, व ज्याचा आचारी सणासुदीला आपल्या गांवीं जातो, त्याला चुलीची ओळख करून घ्यावीच लागते. शिवाय, घरोघर आशीर्वादासाठीं हिंडतांना माझें असें मत झालें आहे कीं, कुटुंबाची प्रकृति दिवाणखान्यापेक्षां जेवणाच्या मेजाशीं अधिक लवकर कळते.

म्हणून आज मी एकाच साध्या पदार्थाविषयीं बोलणार आहें. इंग्लंडांत त्याला कॉटेज पाय म्हणतात. नांव ऐकून कोणी बकऱ्याच्या पायांचा रस्सा समजूं नये. कॉटेज म्हणजे शेतमजुराचें खोपट, आणि पाय म्हणजे आवरणाखालीं भाजलेला पदार्थ. खालीं रसदार खिमा, वर कुसकरलेल्या बटाट्याचा जाड थर, आणि हें सर्व एकाच भांड्यांत तांबूस होईपर्यंत भाजलेलें. एवढाच त्याचा थाट.

या पदार्थाच्या नांवाचा एक जुना लेखी उल्लेख एका धर्मोपदेशकाच्या रोजनिशींत सांपडतो, हें ऐकून माझ्या आजच्या धाडसाला आपण क्षमा कराल. नॉरफोक परगण्यांतील वेस्टन लाँगव्हिल या खेड्याचे अँग्लिकन धर्मोपदेशक जेम्स वुडफर्ड यांनीं २९ ऑगस्ट १७९१ रोजीं आपल्या जेवणाच्या नोंदींत तें नांव लिहिलें आहे. त्यांच्या पदार्थांतील मांस वासराचें होतें. वरच्या थरांत काय होतें तें मात्र त्यांनीं लिहून ठेविलेलें नाहीं. शेफर्ड्स पाय, म्हणजे मेंढपाळाचा पाय, हें दुसरें नांव एकोणिसाव्या शतकाच्या मध्याच्या सुमारास रूढ झालें. आरंभीं दोन्हीं नांवें एकाच अर्थानें चालत. हल्लीं मेंढीच्या मांसाचा तो मेंढपाळाचा, व गोमांसाचा तो खोपटाचा, असा भेद करितात.

इंग्रज गृहिणीला हा पदार्थ प्रिय झाला तो काटकसरीमुळें. रविवारीं भट्टींत भाजलेल्या मांसाचा जो तुकडा उरे, तो एकट्यानें घरांतील सर्वांना पुरत नसे. सोमवार हा तेथें कपडे धुण्याचा दिवस. चुलीपाशीं उभें राहण्यास सवड नसे. तेव्हां तो तुकडा बारीक करून, त्यावर बटाटा पसरून, भांडें भट्टींत सरकवून दिलें कीं तिचें काम झालें. दुसऱ्या महायुद्धांत ही युक्ति घरोघर उपयोगीं पडली. १९४० सालीं ब्रिटनमध्यें मांसावर नियंत्रण आलें, तें १९५४ पर्यंत उठलें नाहीं. युद्ध चालू असतांना बटाट्यावर मात्र नियंत्रण नव्हतें. मूठभर मांसाला टोपलीभर बटाट्याची जोड देऊन त्या बायांनीं मुलें वाढविलीं.

परंतु ज्या बटाट्यानें ही सोय केली, त्याला युरोपांत मान मिळण्यास फार दिवस लागले. त्याचें माहेर दक्षिण अमेरिकेंतील अँडीज पर्वतांत. सोळाव्या शतकांत स्पॅनिश लोकांनीं त्याला युरोपांत आणिलें. तरी फ्रान्समध्यें पुष्कळ काळ तो डुकरांचें खाद्य मानला जाई, आणि त्यानें कुष्ठरोग होतो अशीहि समजूत होती. आंत्वान ओग्युस्तॅं पार्मांतिए हा सैन्यांतील औषधनिर्माता सात वर्षांच्या युद्धांत प्रशियाचा कैदी झाला. कैदेंत त्याला बटाटे खावे लागले, आणि आपली प्रकृति त्यानें बिघडत नाहीं हें त्यानें स्वतःवरच पाहिलें. सुटल्यावर, दुष्काळांत धान्याच्या बदलीं काय खावें या प्रश्नावर बेझांसों येथील विद्वत्सभेनें लावलेल्या निबंधस्पर्धेंत त्यानें पारितोषिक मिळविलें. १७७२ सालीं पॅरिसच्या वैद्यकशाखेनें बटाटा निर्धोक ठरविला. पुढें पॅरिसजवळ साब्लों येथें त्यानें बटाट्याचें शेत लाविलें. दिवसा तेथें शिपायांचा पहारा ठेवावयाचा व रात्रीं काढून घ्यावयाचा, म्हणजे इतकें जपलेलें पीक मोलाचें असलें पाहिजे असें समजून लोक तें चोरून नेतील व आपल्या वाडींत लावतील, अशी त्याची युक्ति होती असें सांगतात. १८१३ सालीं तो वारला. खिमा व बटाटा यांच्या फ्रेंच पदार्थाला आजहि त्याचेंच नांव आहे, आणि पॅरिसमध्यें त्याच्या थडग्यावर लोक फुलांबरोबर बटाटेहि ठेवितात.

याच बटाट्याची दुसरी बाजू आयर्लंडनें पाहिली. तेथील गरीब कुळांच्या पोटाला बटाट्यावांचून दुसरा आधार उरला नव्हता. १८४५ सालीं पिकावर रोग पडला, आणि पुढील कांहीं वर्षांत सुमारें दहा लक्ष माणसें भूक व तापानें मेलीं; तितकींच देश सोडून गेलीं. त्या वर्षांतहि आयर्लंडांतून धान्य व गुरें बाहेर जात होतीं. अन्न होतें, तें गरिबाच्या ताटापर्यंत पोंचत नव्हतें. बटाटा थोडक्याचें पुष्कळ करितो खरें, पण जेथें वांटप नाहीं तेथें त्याचाहि इलाज चालत नाहीं.

आपल्याला हा कंद परका नाहीं. बटाटा हा शब्दच पोर्तुगिजांकडून आपल्या भाषेंत आला. आपल्या सणाच्या मेजावरचा पोटॅटो चॉप हा कॉटेज पायचा चुलतभाऊच आहे: चॉपमध्यें बटाटा खिम्याला चोहोंकडून लपेटतो, येथें वरून पांघरूण घालतो. मात्र चॉप एकेक वळून तळावा लागतो, व करणारी बाई सर्वांच्या शेवटीं जेवावयास बसते. हा पदार्थ एकदां भट्टींत गेला कीं तिलाहि सर्वांबरोबर बसतां येतें. एक गोष्ट येथेंच सांगितली पाहिजे. महाराष्ट्रांत १९७६ च्या कायद्यानें गायीच्या, व २०१५ पासून बैल आणि वळू यांच्याहि कत्तलीस बंदी आहे. तेव्हां आपल्या घरीं हा पदार्थ म्हशीच्या किंवा बकऱ्याच्या खिम्याचा करावा. चवींत थोडा फरक पडतो, समाधानांत पडत नाहीं. ज्या दिवशीं मांस वर्ज्य असेल त्या दिवशीं अख्खे मसूर शिजवून त्याच रीतीनें करावें.

आतां कृति. सहा माणसांसाठीं अर्धा किलो खिमा व एक किलो बटाटे घ्यावे. मांसाच्या दुप्पट बटाटा, हेंच या पदार्थाचें मर्म. त्याशिवाय दोन कांदे, दोन गाजरें, चार लसणीच्या पाकळ्या, दोन पिकलेले टोमॅटो, वाटीभर मटार, एक तमालपत्र, मोठा चमचाभर मैदा, मीठ, मिरपूड, पन्नास ग्रॅम लोणी व अर्धी वाटी दूध लागेल.

बटाटे जुने व कोरडे पाहून घ्यावे. नवा बटाटा पाणचट असतो. ज्यावर हिरवी झांक आली असेल तो भाग व मोड खोल कापून टाकावे, आणि फारच हिरवा असेल तर सगळाच टाकावा. त्यांतील विष शिजविल्यानें जात नाहीं. सोलून, सारखे तुकडे करून ते मिठाच्या थंड पाण्यांत चुलीवर चढवावे. उकळत्या पाण्यांत एकदम टाकिले तर बाहेरून फुटतात व आंत कच्चे राहतात. मऊ झाल्यावर पाणी निथळून, तेंच भांडें मंद आंचेवर मिनिटभर हलवावें, म्हणजे उरलेली ओल उडून जाते. मग लोणी व गरम दूध घालून हातानें कुसकरावे. मिक्सरला हें काम सांगूं नये. त्यांत बटाट्याचें पीठ सुटून खळीसारखा चिकट गोळा होतो.

खिम्यासाठीं रुंद कढई घ्यावी, ती चांगली तापूं द्यावी, आणि खिमा दोन वेळां करून परतावा. सगळा एकदम घातला तर पाणी सुटतें, व मांस भाजण्याऐवजीं उकडतें. खमंगपणा येतो तो या तांबूस भाजण्यानें. खिमा काढून त्याच कढईंत कांदा, गाजर व लसूण मऊ करावीं. मैदा घालून परतावा. टोमॅटो, खिमा, तमालपत्र व दीड वाटी पाणी किंवा हाडांचा रस्सा घालून अर्धा तास मंद आंचेवर ठेवावें. मटार शेवटीं. इंग्रज यांत वूस्टरशायर सॉस घालतात; त्या सॉसमध्यें चिंच असते, म्हणून तो घरीं नसल्यास चमचाभर चिंचेचा कोळ घालण्यास हरकत नाहीं. रस आळून चमच्याला धरूं लागला म्हणजे तमालपत्र काढून तें मिश्रण खोलगट भांड्यांत ओतावें व थोडें निवूं द्यावें. कढत असतांनाच बटाटा घातला तर तो आंत बुडतो. बटाटा कडेपासून आंत पसरावा, कडा नीट बंद कराव्या, आणि कांट्यानें वर शेतांतल्या नांगरटीसारख्या रेघा ओढाव्या. रेघांचे उंचवटे आधीं तांबूस होतात, आणि घरांतील मुलें पहिल्यानें त्यांवरच तुटून पडतात.

भट्टी दोनशें अंश सेल्सिअस असावी व भांडें पंचवीस ते तीस मिनिटें आंत ठेवावें. ओव्हन नसेल तर जाड बुडाच्या भांड्यावर झाकण ठेवून मंद आंच द्यावी, आणि आपल्या आज्या केक भाजतांना ठेवीत तसे झाकणावर निखारे ठेवावे. बाहेर काढल्यावर दहा मिनिटें थांबावें, म्हणजे वाढतांना थर मोडत नाहीं. उरलेला पदार्थ दोन तासांच्या आंत शीतपेटींत ठेवावा व पुन्हां खातांना मध्यापर्यंत वाफ येईल असा तापवावा. खिम्याच्या बाबतींत हयगय करूं नये.

भगिनीहो, इतकें सविस्तर सांगण्याचें कारण आहे. हल्लीं एका घरांत चार माणसें चार वेळां जेवतात, प्रत्येकजण आपल्या फोनकडे पाहत. हा पदार्थ तसा खातां येत नाहीं असें नाहीं, पण तो एका भांड्यांत मेजावर येतो, आणि गरम असतो तोंवरच त्याची खरी गोडी. कोणाला किती वाढलें तें सर्वांना दिसतें. भांड्यांतल्या सहा वांट्यांपैकीं एक उशिरां येणाऱ्यासाठीं राखला, कीं त्याची वाट पाहणारें कोणी आहे हें त्याला न बोलतां कळतें.

आणखी एक विनंति. आपल्या धर्मग्रामांत अशीं कित्येक घरें आहेत कीं जेथील मुलें आखातांत किंवा कॅनडांत गेलीं व म्हातारीं दोघें, किंवा दोघांपैकीं एकच, मागें राहिलें. एकट्यासाठीं कोण चूल पेटवितो? चहा आणि पाव खाऊन दिवस काढणारीं माणसें मीं पाहिलीं आहेत. ज्या घरीं मृत्यु होतो तेथें पहिले दोन तीन दिवस शेजाऱ्यांकडून इतकें अन्न येतें कीं ठेवावयास जागा पुरत नाहीं. चौथ्या दिवशीं पाहुणे जातात, डबे बंद होतात, आणि दुःख तर त्याच दिवशीं घरांत खरें मुक्कामाला येतें. त्या चौथ्या दिवशीं कोणी जात नाहीं.

कॉटेज पाय अशा वेळीं फार उपयोगीं. तो आदल्या दिवशीं करून शीतपेटींत ठेवितां येतो, नेतांना सांडत नाहीं, दांत नसलेल्यालाहि खातां येतो, आणि दुसऱ्या घरीं नुसता तापविला कीं पुरे. म्हणून ज्या दिवशीं कराल त्या दिवशीं दुप्पट करा, दोन भांड्यांत घाला, आणि दुसरें भांडें कोणाच्या दारीं जावयाचें तें बटाटे सोलतांनाच ठरवा. भांडें मात्र आपलें चांगलें घरचेंच द्या, फेकून देण्याजोगें नको. तें परत आणण्याच्या निमित्तानें आठवड्याभरानें पुन्हां त्या घराची कडी वाजवितां येते, आणि या वेळीं दहा मिनिटें बसतांहि येतें.