सहाचा टोल, दहाचा टोल



लोअर परळ म्हटलं की तुमच्या डोळ्यांपुढे गिरणीची धुरांडी उभी राहतात. मी राहतो त्या गावाच्या नावातही 'लोअर' आहे आणि तेही एके काळी भोंग्यावर चालणारं गाव होतं. लोअर हट. न्यूझीलंडची राजधानी वेलिंग्टन, तिच्या बंदराच्या उत्तर टोकाला एक नदी समुद्राला मिळते. माओरी लोक तिला ते आवा काइरांगी म्हणतात, इंग्रजांनी तिचं नाव हट ठेवलं. नदीच्या वरच्या अंगाला अप्पर हट, खालच्या अंगाला लोअर हट. पिटोनीच्या किनाऱ्यावर गिअर कंपनीचा मांसाचा कारखाना, सीव्ह्यूला 1936 पासून फोर्डच्या मोटारी जोडणारा कारखाना, शिवाय रेल्वेचं मोठं वर्कशॉप, साबणाचे, बिस्किटांचे कारखाने. कामगारांसाठी सरकारनं नाइनाइ आणि ताइता ही अख्खी उपनगरं वसवली. खेड्यापाड्यांतून माओरी कुटुंबं तिथे पोटासाठी आली, जशी कोकणातून आणि घाटावरून माणसं परळ-लालबागला आली.

अशा गावांतून 1970च्या दशकात एक संगीत उभं राहिलं. त्याला पब रॉक म्हणतात. त्याचा इतिहास सांगणारे बहुतेक जण गिटारवाल्यांपासून सुरुवात करतात. मी घड्याळापासून करणार आहे, कारण माझ्या मते हे संगीत घड्याळानं घडवलं.

डिसेंबर 1917. पहिलं महायुद्ध चालू आहे. युद्धकाळातली काटकसर म्हणून न्यूझीलंडनं कायदा लागू केला की दारूचे गुत्ते संध्याकाळी सहाला बंद. युद्ध संपलं, कायदा मात्र राहिला आणि जवळजवळ पन्नास वर्षं राहिला. पाचच्या सुमारास पाळी सुटायची आणि सहाला टोल पडायचा. मधल्या तासाभरात माणसं मिळेल तेवढी बिअर घशाखाली ओतायची. बसायला खुर्च्या नाहीत, उभ्यानंच प्यायचं. बारवाला हातात रबरी नळी घेऊन ओळीनं पेले भरत जायचा. या तासाला लोकांनी नाव दिलं 'सिक्स ओ'क्लॉक स्विल'. स्विल म्हणजे डुकरांपुढे ओततात ते खरकटं. त्या शब्दात किती अपमान साठलाय पाहा, आणि तो अपमान सोसणारा माणूस दिवसभर घाम गाळून आलेला होता. 1949 मध्ये यावर सार्वमत झालं, तेव्हा लोकांनीच सहाची वेळ मोठ्या बहुमतानं कायम ठेवली. शेवटी 23 सप्टेंबर 1967च्या सार्वमतात कौल फिरला आणि 9 ऑक्टोबरपासून पब रात्री दहापर्यंत उघडे राहू लागले.

सहा ते दहा. कामगाराच्या संध्याकाळीत एकदम चार तासांची भर पडली.

तासाभराच्या घाईत गाण्याला जागा नसते. चार तासांत ती असते, इतकंच काय, ती भरावीच लागते, नाहीतर गिऱ्हाईक एक पेला पिऊन घरी जातं. बिअर कंपन्यांना हे लगेच कळलं. उपनगरांत त्यांनी भल्यामोठ्या टॅव्हर्न बांधल्या. आत शेकडो माणसं मावतील असा दिवाणखाना, बाहेर मोटारी लावायला मैदान. लोक त्यांना 'बूझ बार्न' म्हणत, म्हणजे दारूची कोठारं. त्या कोठारांच्या एका कोपऱ्यात लाकडी मंच आला आणि मंचावर बँड आला.

आता त्या मंचावर उभं राहून बघा. समोर पाचशे माणसं, हातात बिअरचे जग, सगळी एकाच वेळी बोलतायत. तुम्हाला ऐकायला कुणी आलेलं नाही. ती दोस्तांना भेटायला आलीत. तुमचं हळुवार गाणं पहिल्या टेबलापर्यंतसुद्धा पोचणार नाही. मग तुम्ही काय कराल? ढोल सरळ ठेवाल, गिटारचा आवाज वाढवाल, धृपद असं बांधाल की दुसऱ्या फेरीला अनोळखी माणूसही ते उचलेल. आणि दोन गाण्यांमध्ये उसंत देणार नाही, कारण उसंत दिली की लोक बारकडे वळतात. पब रॉकची सगळी लक्षणं, तो धडाका, तो साधेपणा, ती सामुदायिक धृपदं, या खोलीतून आली आहेत. तमाशाच्या फडावर ज्यानं ढोलकी आणि तुणतुणं ऐकलंय त्याला हे वेगळं समजावून सांगायला नको. कनातीच्या शेवटच्या माणसापर्यंत पोचायचं म्हणून झीलकऱ्यांचा 'जी जी' तसा उंच लागतो. लोअर परळच्या हनुमान थिएटरात पाळी सुटून आलेला गिरणी कामगार लावणी ऐकायला बसायचा. थकलेल्या माणसाला खुर्चीत खिळवून ठेवणं ही कला आहे, आणि ती घरी आरशापुढे रियाज करून येत नाही.

बँडना हा रियाज भरपूर मिळाला. एकाच पबमध्ये लागोपाठ चार-पाच रात्री, पुढच्या आठवड्यात दुसरं गाव. जुन्या हॉटेलांना वर राहायच्या खोल्या असत, वादक तिथेच झोपत आणि संध्याकाळी खाली उतरून वाजवत. सुरुवातीला मालकाला हवी असत ती परकी, गाजलेली गाणी. 1967 मध्येच एंगेलबर्ट हम्परडिंकच्या 'रिलीज मी'च्या मागच्या बाजूला 'टेन गिटार्स' नावाचं गाणं होतं. इंग्लंडनं त्याकडे फारसं पाहिलं नाही, न्यूझीलंडनं, विशेषतः माओरी घरांनी, ते आपलंसं केलं. लग्नात, पबात, अंगणात सगळीकडे तेच. बँड मग हळूच अशा गाण्यांच्या मध्ये स्वतःचं एखादं गाणं सरकवून देत. लोक बोलायचे थांबले तर गाणं टिकलं.

रेकॉर्डवर पोट भरणं कठीणच होतं. 1975 मध्ये रेकॉर्डांवर 40 टक्के विक्रीकर बसला आणि तो दहाएक वर्षं राहिला. म्हणजे संगीतकाराची भाकरी पबमध्येच. हॅलो सेलर, द ड्यूड्स, ड्रॅगन हे सगळे बँड या वाटेनं घडले. ड्रॅगन 1975 मध्ये सिडनीला गेला, कारण तिथे हीच वाट जास्त रुंद होती. सिडनीच्या न्यू साउथ वेल्स राज्यानं सहाचा कायदा 1955 मध्येच मोडला होता, व्हिक्टोरियानं 1966 मध्ये. एसी/डीसी, कोल्ड चिझल, मिडनाइट ऑइल तिथल्याच पबांतून आले. लंडनमधली गोष्ट थोडी निराळी. तिथे 1971 नंतर टॅली-हो, होप अँड अँकर अशा पबांत डॉक्टर फीलगुडसारखे बँड वाजवू लागले, कारण मोठ्या सभागृहांतलं बडेजावी रॉक त्यांना नकोसं झालं होतं. पुढचं पंक याच मंचांवरून उठलं. तिथे पब रॉक ही एक आवड होती. आमच्याकडे मात्र ती कामगाराची संध्याकाळ होती, आणि मला ती जास्त मोलाची वाटते.

हटच्या खोऱ्यानं यात काय घातलं? अप्पर हटचा फोर्म्युला हा बँड पबयुगाच्या उंबरठ्यावरचा. वेन मेसननं लिहिलेलं त्यांचं 'नेचर' 1970च्या सुरुवातीला पहिल्या क्रमांकावर गेलं, आणि 2001 मध्ये देशातल्या गीतकार-संगीतकारांनी गेल्या पाऊणशे वर्षांतलं सर्वोत्तम न्यूझीलंडी गाणं म्हणून त्याचीच निवड केली. मेसन नंतर वर्षानुवर्षं पबांतून वाजवत राहिला. जॉन स्टीव्हन्स अप्पर हटचाच, तो पुढे ऑस्ट्रेलियात नॉइजवर्क्सचा गायक झाला. आणि लोअर हटमध्ये 1975 साली ॲव्हलॉनचं दूरचित्रवाणी केंद्र उघडलं. नदीकाठानं चालताना त्याचा मनोरा आजही दिसतो. 'रेडी टू रोल' आणि 'रेडिओ विथ पिक्चर्स' हे गाण्यांचे कार्यक्रम तिथून साऱ्या देशात जात. ईएमआयचा रेकॉर्ड छापायचा कारखानाही याच गावात होता. पबातला आवाज तबकडीत उतरे तोही इथे, आणि पडद्यावर चढे तोही इथेच.

या संगीतावर माझं प्रेम आहे, म्हणून त्याची दुसरी बाजू लपवणं मला अप्रामाणिकपणाचं वाटतं. बँडला मंच मिळे तो बिअर खपावी म्हणून. प्यालेली माणसं त्याच मैदानातल्या मोटारी काढून घरी जात, आणि सगळीच पोचत नसत. पगाराचं पाकीट घरी किती पोचलं हे त्या घरच्या बाईला विचारावं. द ड्यूड्सचं 'ब्लिस' हे गाणं अशा पिण्याला मारलेला टोमणा होता. पिणाऱ्यांनी ते डोक्यावर घेतलं आणि पेले उंचावून म्हणू लागले. गाणाऱ्याला यातून कोणती वेदना झाली असेल, याचा मी अनेकदा विचार करतो.

मग कारखाने बंद पडू लागले. 1981 मध्ये पिटोनीचा गिअर कंपनीचा कारखाना बंद झाला. जानेवारी 1982 मध्ये तुमच्या गिरण्यांचा संप सुरू झाला, तो आठवा. ईएमआयचा कारखाना 1987 मध्ये बंद झाला, देशातला रेकॉर्ड छापणारा तो शेवटचाच होता. 1989च्या मद्यविक्री कायद्यानं छोटे बार आणि कॅफे सहज उघडता येऊ लागले आणि ती मोठी कोठारं ओस पडत गेली. पाळीच उरली नाही, तर पाळीनंतरची संध्याकाळ कुठून उरणार?

फोर्डचा सीव्ह्यूचा कारखाना 1988 मध्ये थांबला. त्याच वर्षी अप्पर हट पॉसी या गटाचं 'ए तू' हे गाणं आलं, न्यूझीलंडची पहिली रॅप रेकॉर्ड. 1985 मध्ये हा गट रेगे वाजवणारा बँड म्हणून सुरू झाला होता. गाणं इंग्रजीत आणि माओरीत आहे, आणि त्याच्या नावाचा अर्थ आहे, उभा राहा.