सांगलीचा आयर्विन पूल



स्वित्झर्लंड देशातील ल्युसर्न या गावी रॉइस नदीवर चौदाव्या शतकात बांधलेला एक लाकडी पादचारी पूल आहे. त्यावर घरासारखे कौलारू छप्पर आहे. छप्पर वाटसरूंच्या सोयीसाठी असावे, असे प्रथमदर्शनी वाटते. परंतु त्याचा मुख्य हेतू पावसापासून तुळयांचे रक्षण करणे हा होय. उघडे लाकूड लवकर कुजते, झाकलेले पिढ्यान्‌पिढ्या टिकते. १९९३ साली हा पूल आगीत बराच जळाला आणि पुढच्याच वर्षी पुन्हा उभा राहिला. तेथे नदी सरोवरातून बाहेर पडते व पुराचा लोंढा सरोवरच आपल्या पोटात घेते. त्यामुळे नदीकडून त्या पुलाला मोठासा धोका नसतो.

सह्याद्रीच्या पायथ्याशी ही सोय नाही. जावळी-पाटणच्या डोंगरांत ओढ्यांवर ओंडके टाकून साकव घालण्याची रीत जुनी. त्यावर छप्पर घालण्याचा विचार कोणी केला नाही, आणि ते योग्यच होते. जो साकव एखाद्या पुरात वाहून जायचा, त्याला पावसापासून वाचवून काय साधणार?

मग ओढ्यांची ही स्थिती, तर कृष्णेची काय सांगावी! कृष्णा आणि कोयना दोघीही महाबळेश्वरी उगम पावतात, वेगवेगळ्या खोऱ्यांतून वाहतात आणि कऱ्हाडला प्रीतिसंगमावर समोरासमोर भेटतात. तेथून दोघींचे एकत्र पाणी सांगलीस येते. सांगलीच्या खाली हरिपूरजवळ वारणा मिळते. ती भरून आली म्हणजे कृष्णेचे पाणी पुढे सरकेनासे होते आणि सांगलीत फुगते. सांगली व पलीकडची सांगलीवाडी यांच्यामध्ये दळणवळण होते ते नावेचे. नदी चढली की नाव बंद आणि नाव बंद की पलीकडचा बाजार, वैद्य, आप्तेष्ट, सारेच दूर.

ही अडचण सांगली संस्थानच्या काळात दूर झाली. चिंतामणराव पटवर्धन यांच्या कारकिर्दीत कृष्णेवर कमानींचा भक्कम पूल बांधण्यात आला आणि १९२९ साली त्या वेळचे व्हाइसरॉय लॉर्ड आयर्विन यांच्या हस्ते तो खुला झाला. त्यांचेच नाव पुलाला मिळाले. पुढे १९४८ साली संस्थान विलीन झाले, १९४९ साली दक्षिण सातारा जिल्हा निर्माण झाला, १९६० साली त्याचे नाव सांगली झाले. व्हाइसरॉयचे पदही इतिहासजमा झाले. पूल मात्र जुन्याच नावाने ओळखला जातो. लोकांच्या तोंडी बसलेले नाव सहसा पुसले जात नाही.

वर्गात बहुधा एवढेच सांगून धडा संपतो: अमुक साली, अमुकांच्या हस्ते. खरे पाहता सांगलीकरांच्या दृष्टीने पुलाचे महत्त्व निराळेच आहे. पावसाळ्यात येथील पाण्याची उंची फुटांत मोजली जाते. ४० फूट ही इशाऱ्याची पातळी, ४५ फूट ही धोक्याची. श्रावणात सांगलीत माणसे भेटली की पहिला प्रश्न असतो, "आयर्विनला किती?" सामान बांधायचे की नाही, जनावरे सोडून उंचावर न्यायची की नाही, हे त्या उत्तरावर ठरते. सखल वस्त्यांत तर धोक्याची पातळी येण्याच्या आधीच पाणी शिरते.

२००५ साली पाणी ५३ फुटांच्या वर गेले. त्याहून मोठा पूर आपल्या हयातीत येणार नाही, असा अनेकांचा समज झाला. २०१९ च्या ऑगस्टमध्ये पाण्याने ५७ फूटही ओलांडले. त्याच पुरात ८ ऑगस्ट रोजी पलूस तालुक्यातील ब्रह्मनाळ येथे पूरग्रस्तांना घेऊन निघालेली, क्षमतेपेक्षा अधिक माणसे भरलेली नाव उलटली आणि कित्येकांचा बुडून मृत्यू झाला. पाणी दाराशी येईपर्यंत वाट पाहिली की अखेरीस अशाच नावेचा आधार उरतो. २०२१ च्या जुलैमध्ये पुन्हा ५४ फुटांवर पाणी आले.

नदीकाठच्या शाळांना यातून गणिताचा चांगला पाठ घेता येईल. ४५ व ५७ यांतील अंतर १२ फूट; तेवढी उंची शाळेच्या भिंतीवर मोजून दाखवली तर मुले ती सहजी विसरणार नाहीत. मात्र आयर्विनचा आकडा प्रत्येक गावाला जसाच्या तसा लागू पडत नाही, हे आधी स्पष्ट करावे. नदीचे पात्र कोठे रुंद, कोठे अरुंद; काठ कोठे उंच, कोठे सखल. म्हणून वरच्या वर्गातील मुलांना गावातील वडीलधाऱ्यांकडे पाठवावे. कोणत्या साली पाणी घाटाच्या कितव्या पायरीवर, देवळाच्या कोणत्या खांबापर्यंत आले होते, हे विचारून त्यांनी वहीत टिपून घ्यावे. दोन घरांतून भिन्न उत्तरे आली तर तिसऱ्या घरी विचारावे. खूण निश्चित झाली की ग्रामपंचायतीच्या संमतीने तेथे तैलरंगाची रेघ ओढून शेजारी साल लिहावे, आणि पुढच्या पावसाळ्यापूर्वी ती रेघ पुन्हा रंगवावी.