वैद्यकीय महाविद्यालय, परवानगी आणि न्यायालय

(संस्थेच्या वार्षिक पालक-विद्यार्थी मेळाव्यात दिलेल्या भाषणाचा मजकूर)



मुलाने किंवा मुलीने अकरावीला विज्ञान शाखा घेतली की घरात अम्मी-अब्बांच्या तोंडी एकच शब्द असतो, ‘डॉक्टर’. हे स्वप्न आता आपल्या जिल्ह्याच्या वेशीत आले आहे. बदनापूर तालुक्यात वरुडी येथे मुस्लिम शिक्षणसंस्थेचे वैद्यकीय महाविद्यालय आहे. शिवाय 9 ऑक्टोबर 2024 रोजी जालन्यासह राज्यातील दहा शासकीय वैद्यकीय महाविद्यालयांचे उद्घाटन झाले. या दहांच्या मिळून 900 जागा आहेत.

जालन्याच्या शासकीय महाविद्यालयाला परवानगी मात्र सहजासहजी मिळाली नाही. राष्ट्रीय वैद्यकीय आयोगाने प्रथम नकार दिला. राज्य शासनाने अपील केले आणि त्यानंतर 100 जागा मंजूर झाल्या. प्रत्यक्ष शासनालाही नकार मिळू शकतो, तर असा नकार योग्य की अयोग्य हे पाहणार कोण? आज याच प्रश्नाविषयी मला बोलावयाचे आहे.

नवे महाविद्यालय काढण्यासाठी किंवा जागा वाढविण्यासाठी केंद्राची पूर्वपरवानगी घ्यावी, असे बंधन 1993 साली 1956 च्या कायद्यात कलम 10-अ घालून आले. 2019 च्या कायद्याने जुन्या वैद्यक परिषदेच्या जागी आयोग आणला व तो 25 सप्टेंबर 2020 पासून काम करू लागला. आयोगाचे मंडळ अध्यापक, खाटा, रुग्ण आणि प्रयोगशाळा तपासते. त्याने नकार दिला तर आयोगाकडे पहिले व केंद्र सरकारकडे दुसरे अपील करता येते. याशिवाय राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 खाली उच्च न्यायालयात रीट अर्ज करता येतो.

विद्यार्थी मित्रांनो, न्यायालय तेथे काय पाहते? तुम्हाला गुणपडताळणी माहीत आहे. सर्व उत्तरे तपासली काय, बेरीज बरोबर आहे काय, एवढेच तीत पाहतात; उत्तराला नव्याने गुण देत नाहीत. न्यायालयाचे कामही बहुतांशी असेच आहे. संस्थेला म्हणणे मांडू दिले काय, निर्णयाला कारणे दिली काय, कायदा पाळला काय, मनात आकस नव्हता ना, हे न्यायालय तपासते. खाटा पुरेशा आहेत की नाहीत, हा तज्ज्ञांचा प्रांत आहे.

दोन्ही बाजूंची उदाहरणे देतो. उत्तर प्रदेशातील ग्लोकल वैद्यकीय महाविद्यालयाच्या प्रकरणात ऑगस्ट 2017 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने केंद्राला फेरविचार करावयास लावला, कारण नकाराच्या आदेशात कारणेच नव्हती. उलट भुवनेश्वरच्या कलिंग संस्थेचे पाहा. तेथे 100 वरून 150 जागांच्या वाढीचा वाद होता. उच्च न्यायालयाने तज्ज्ञांचा तपासणी अहवाल बाजूस सारून प्रवेशास वाट दिली, हे सर्वोच्च न्यायालयाला मान्य झाले नाही. मे 2016 मध्ये संस्थेला 5 कोटी रुपये खर्चापोटी भरावयास सांगण्यात आले. विद्यार्थ्यांचे प्रवेश तेवढे वाचले.

आपल्या धुळ्याच्या एका महाविद्यालयाचे प्रकरणही औरंगाबाद खंडपीठातून सर्वोच्च न्यायालयात गेले. जानेवारी 2022 मध्ये अचानक तपासणी झाली, तेव्हा बालरुग्ण कक्षातील मुले ठणठणीत दिसली, असे आयोगाचे म्हणणे होते. तपासणी मकरसंक्रांतीच्या सुटीत झाली, अशी महाविद्यालयाची तक्रार होती. संक्रांत आली म्हणून आजार थांबत नाहीत, अशा आशयाचा शेरा न्यायमूर्तींनी मारला आणि त्यांना मुन्नाभाईच्या चित्रपटाची आठवण झाली. ऐकताना हसू येते. पण निरोगी मुले पाहून शिकलेला डॉक्टर उद्या आपल्याच आजारी लेकराला तपासणार आहे, हे ध्यानात घ्या.

आपण अल्पसंख्याक आहोत. अनुच्छेद 30 ने आपल्याला संस्था काढण्याचा व चालविण्याचा हक्क दिला आहे. पुण्याच्या पी. ए. इनामदार यांच्या नावाने ओळखल्या जाणाऱ्या खटल्यात 12 ऑगस्ट 2005 रोजी सात न्यायमूर्तींनी विनाअनुदानित संस्थांवर शासनाने आपला कोटा लादू नये, असे सांगितले. परंतु त्याच निकालाने कॅपिटेशन फीला मनाई केली आणि गुणवत्ता व पारदर्शक प्रवेशाचा आग्रह धरला. 29 एप्रिल 2020 रोजी ‘नीट’ परीक्षा अल्पसंख्याक संस्थांनाही लागू असल्याचा निर्णय झाला. म्हणजे हक्क आपला आहे, पण दर्जात सूट नाही; आणि ती आपण मागूही नये.

पालकांना माझी कळकळीची विनंती आहे. दलालाच्या शब्दावर शेत विकू नका, दागिने गहाण टाकू नका. त्या वर्षी त्या महाविद्यालयाला किती जागांची परवानगी आहे, हे आयोगाच्या यादीत पाहा. प्रवेश राज्याच्या सीईटी कक्षाच्या फेरीतून मिळतो आहे ना, याची खात्री करा. ‘कोर्टाची ऑर्डर आहे’ असे कोणी सांगितले, तर ती अंतिम आहे की अंतरिम, हे विचारा. अंतरिम आदेश म्हणजे तात्पुरता टेकू. त्यावर मुलाच्या साडेपाच वर्षांचे घर बांधता येत नाही. कलिंगचे विद्यार्थी वाचले, पण प्रत्येक वेळी तसे होईलच, असा भरवसा कोणी देऊ शकत नाही.

आणि विद्यार्थ्यांनो, जागा वाढतील तेव्हा वाढतील. अभ्यास वाढविणे मात्र आजपासून तुमच्या हाती आहे.