फुलवालीचा उच्चार
(शताब्दी व्याख्यानमालेतील भाषण)



बर्नार्ड शॉ यांचे ‘पिग्मॅलियन’ हे नाटक १९१३ साली व्हिएन्नाला जर्मन भाषेत आणि १९१४ साली लंडनला इंग्रजीत रंगभूमीवर आले. आपल्याला ते अधिक परिचित आहे ते पु. ल. देशपांडे यांच्या १९७५ च्या ‘ती फुलराणी’मुळे. पु. ल. काही काळ आपल्या बेळगावात प्राध्यापक होते, म्हणून त्या मंजुळेवर आपला थोडा हक्कही आहे!

कथा सर्वांना ठाऊक आहे. रस्त्यावर फुले विकणाऱ्या एलायझाला सहा महिन्यांत उमरावीण म्हणून खपवून दाखवण्याची पैज हिगिन्स हा ध्वनिशास्त्रज्ञ मारतो. त्याच्या आईकडील बैठकीत एलायझा निर्दोष उच्चारांत बोलते. पण सांगते काय, तर आपल्या मावशीला कोणी मारले असावे ते. स्वर दिवाणखान्याचा, मजकूर गल्लीचा. तरी मला अधिक मौज वाटते ती तिच्या बापाची. हा कचरेवाला मुलीच्या बदल्यात पाच पौंड मागतो, आणि दहा देऊ केले तर नाकारतो. कारण दहा हाती आले की माणूस जपून वागू लागतो! पुढे एका अमेरिकन धनिकाच्या मृत्युपत्रामुळे त्याला वर्षाला तीन हजार पौंड मिळू लागतात. बिचारा प्रतिष्ठित होतो, आणि ज्या बाईबरोबर सुखाने राहत होता तिच्याशी त्याला लग्न करावे लागते.

शॉने या नाटकाला ‘रोमान्स’ म्हटले, पण नायकनायिकेचे लग्न लावले नाही. लंडनच्या प्रयोगात हिगिन्स झालेल्या बीरबोम ट्री यांनी अखेरीस एलायझाकडे फुले फेकून प्रेम सुचवले, तेव्हा शॉ संतापला. पुढे त्याने उपसंहार लिहून तिचे लग्न फ्रेडीशी झाल्याचे सांगितले. प्रेक्षकांनी मात्र ते कधी मनावर घेतले नाही. मला शॉचेच म्हणणे पटते. पैज जिंकल्यावर, आता मी कुठे जाऊ, हा एलायझाचा प्रश्न ज्याला कळत नाही, त्याच्याशी संसार कसा व्हावा?

हे नाटक मी वर्गात अनेकदा शिकवले. एकदा निबंधाची वही मागितली असता एक विद्यार्थिनी उभी राहून म्हणाली, “सर, मी उद्या आणतो.” आपल्या सीमाभागात मुली असेच बोलतात, माझी आईही तसेच बोलत असे. नुकताच बदलून आलेला एक पुण्याचा मुलगा हसला, वर्ग हसला आणि मीही हसून म्हणालो, “आणतो नव्हे, आणते म्हणावे.” दुसऱ्या दिवशी तिने वही आणली, टेबलावर ठेवली. काही बोलली नाही. वर्षभर हजेरीलाही ती नुसता हात वर करीत असे.

त्या वर्षी हिगिन्सवरचा प्रश्न मी परीक्षेत घातला नाही.