एक रुपयाचा कारकून, हायकोर्टाचा न्यायाधीश



चेन्नईच्या हायकोर्टात आम्ही सर टी. मुथुस्वामी अय्यर यांचा पुतळा पाहिला. १८३२ साली तंजावर जिल्ह्यात गरीब घरी जन्मलेला हा मुलगा महिना एक रुपयावर गावच्या हिशेबनिसाच्या हाताखाली राबला. जिद्दीने शिकला आणि मद्रास हायकोर्टाचा पहिला भारतीय न्यायाधीश झाला. १८९५ साली ते वारले.

आम्हांला अभिमान आहेच. पण आपला माणूस खुर्चीवर बसला म्हणजे न्याय मिळालाच असे नव्हे. १९१८ साली याच शहरात मद्रास लेबर युनियन उभी राहिली. पुढे गिरणीमालकांच्या दाव्यात याच कोर्टाने तिच्या पुढाऱ्यांवर मनाई हुकूम काढला. १९२६ चा ट्रेड युनियन कायदा त्यानंतर आला.

न्यायाधीश कायदा चालवतो. कायदा बदलायला संघटनाच लागते.

कामगार एकजुटीचा विजय असो!